पाइप गॅस, सिलिंडर आणि स्वयंपाकघराचा खर्च: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मुंबई, ठाणे, नवी मुंबई, पुणे, नाशिक इथल्या घरांतून पाइप गॅसबद्दल सतत येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. हिशेब दाखवताना पीएनजीचा (पाइप गॅसचा) दर सोयीसाठी घनमीटरला ५० रुपये धरला आहे. तुमच्या बिलावरचा आजचा दर त्याजागी घाला, आकडेमोडीची पद्धत तीच राहते.

१. पीएनजी आणि एलपीजी, दोन्ही गॅसच ना? मग फरक काय?

पीएनजी म्हणजे पाइपातून येणारा नैसर्गिक वायू. त्यात मुख्यतः मिथेन असतो आणि तो वायुरूपातच घरापर्यंत येतो. सिलिंडरमधला एलपीजी हे प्रोपेन आणि ब्युटेनचे मिश्रण असते. ते दाबाखाली द्रवरूपात भरलेले असते आणि वर येताना त्याचा वायू होतो.

घरात याचे दोन परिणाम होतात. मिथेन हवेपेक्षा हलका असल्याने गळती झाली तर तो छताकडे जातो. एलपीजी हवेपेक्षा जड असल्याने जमिनीलगत साचतो. म्हणून पाइप गॅसच्या स्वयंपाकघरात वरचे व्हेंटिलेटर बंद करू नये, आणि सिलिंडरच्या स्वयंपाकघरात दाराखालची फट बुजवू नये. दुसरा परिणाम शेगडीवर होतो. तेवढ्याच आकारमानाच्या पीएनजीत एलपीजीपेक्षा बरीच कमी उष्णता असते आणि तो शेगडीला कमी दाबाने, साधारण २१ मिलिबारने मिळतो (एलपीजी ३० च्या आसपास). तेवढीच आच मिळायला जास्त वायू जाऊ द्यावा लागतो, म्हणून जेटचे (बर्नरमध्ये गॅस सोडणाऱ्या तोटीचे) छिद्र मोठे लागते.

२. आमच्या पाइपात येणारा गॅस नेमका कुठला?

दोन वाटांनी येतो. पहिली देशातल्या विहिरींची. मुंबईच्या पश्चिमेला समुद्रात १९७४ साली सापडलेले बॉम्बे हाय आणि वसईसमोरचे क्षेत्र ही यातली आपल्या जवळची नावे. बॉम्बे हायचा गॅस उरणला किनाऱ्यावर येतो. दुसरी वाट आयातीची. परदेशात गॅस उणे १६२ अंशांपर्यंत थंड करून द्रवरूप करतात. त्यामुळे त्याचे आकारमान सुमारे सहाशे पटींनी घटते आणि तो जहाजातून आणता येतो. दहेज, हजिरा, दाभोळ अशा बंदरांवर तो पुन्हा वायुरूप करून वाहिनीत सोडतात. देशाच्या एकूण वापरातला साधारण निम्मा गॅस असा आयात होतो.

वाहिनीतून तो शहराच्या वेशीवरच्या सिटी गेट स्टेशनवर पोचतो; मुंबईसाठी वडाळा, नवी मुंबईसाठी महापे. तिथे त्याला वास देणारे रसायन मिसळतात, कारण नैसर्गिक वायूला स्वतःचा वास नसतो. मग दाब टप्प्याटप्प्याने कमी करत तो तुमच्या इमारतीच्या उभ्या पाइपात येतो.

३. बिलावर ‘एससीएम’ लिहिलेलं असतं. मीटर कसा वाचायचा?

एससीएम म्हणजे प्रमाणित घनमीटर: १५ अंश तापमानाला आणि समुद्रसपाटीच्या दाबाला मोजलेला एक घनमीटर गॅस. मीटरवरचे काळे आकडे पूर्ण घनमीटरचे, लाल चौकटीतले तीन आकडे लिटरचे. रीडिंग देताना फक्त काळे आकडे द्यायचे. लाल आकडे चुकून जोडले तर ४१२ चे ४१२६७५ होते आणि पुढचे दोन महिने ते निस्तरण्यात जातात.

लाल आकडे मात्र निरुपयोगी नाहीत. गळती शोधायला आणि शेगडी तपासायला त्यांच्याइतके सोपे साधन घरात दुसरे नाही (प्रश्न ५ आणि १० पाहा).

४. पाइप गॅस सिलिंडरपेक्षा खरंच स्वस्त पडतो का?

एका वाक्यात उत्तर नाही, पण हिशेब एका ओळीचा आहे: पीएनजीचा दर गुणिले १८ करा आणि सिलिंडरच्या दराशी ताडून पाहा.

हे १८ कुठून आले? एक किलो एलपीजीत साधारण १०,९०० किलोकॅलरी उष्णता असते. १४.२ किलोच्या सिलिंडरमध्ये सुमारे १,५५,००० झाली. एक घनमीटर पीएनजीत साधारण ८,५००. भागाकार १८ च्या थोडा वर येतो.

पीएनजी ५० रुपये असेल तर १८ घनमीटरचे ९०० रुपये. एप्रिल २०२५ च्या ५० रुपयांच्या वाढीनंतर मुंबईत घरगुती सिलिंडर ८५२.५० रुपयांना होता. त्या दराला पीएनजीची बरोबरी ४७ रुपयांच्या थोडी वर होते. म्हणजे दर ४७ च्या खाली असेल तर पाइप स्वस्त, वर असेल तर सिलिंडर. फरक महिन्याला थोड्याच रुपयांचा असतो आणि तो दोन्ही बाजूंना झुकतो. ‘पाइप गॅस निम्म्यात पडतो’ हे ऐकीव वाक्य आजच्या दरांना लागू नाही.

तरीही बहुतेक घरांनी पाइप घ्यावा असे आमचे मत आहे, पण त्याचे कारण दर नाही. बुकिंग, डिलिव्हरीची वाट, पाहुणे आले असताना संपणारी टाकी, जिन्यावरून चढवायचे तीस किलो, हे सगळे संपते. आणि टंचाईच्या काळात घरगुती पाइप गॅसला जो अग्रक्रम आहे (प्रश्न १३) तो सिलिंडरला नाही.

५. पाइप गॅस घेतल्यापासून स्वयंपाकाला वेळ जास्त लागतो आणि बिलही वाटलं होतं त्यापेक्षा जास्त येतं. असं का?

बहुतेक वेळा दोष शेगडीचा असतो. वरचा १८ चा आकडा दोन्ही शेगड्या सारख्याच कार्यक्षम आहेत असे धरून काढला आहे, आणि खरी गडबड तिथेच आहे.

जोडणी देताना तंत्रज्ञ तुमच्या जुन्या एलपीजी शेगडीचे जेट बदलून किंवा छिद्र मोठे करून ती पीएनजीवर चालती करतो. पण बर्नर, मिक्सिंग ट्यूब आणि भांड्याखालचे अंतर एलपीजीसाठी बेतलेले असते. ज्योत पसरते, भांड्याच्या कडेने वर जाते, आणि भांड्याऐवजी ओटा आणि हवा तापते. एलपीजी शेगडीला भारतीय मानकानुसार किमान ६८ टक्के कार्यक्षमता लागते. तीच शेगडी जेट बदलून पीएनजीवर लावली की त्याच्या बरीच खाली घसरते. पीएनजीसाठीच बनवलेल्या शेगड्यांना वेगळे मानक आहे, आयएस १७१५३. अशी शेगडी वापरल्यास रूपांतरित शेगडीच्या तुलनेत साधारण चौथा हिस्सा गॅस वाचतो. चार माणसांचे घर महिन्याला १३-१४ घनमीटर वापरते असे धरले तर ५० रुपये दराने महिन्याला दीडशेच्या आसपास रुपये. शेगडीची किंमत दीड-दोन वर्षांत वसूल.

तुमची शेगडी कुठे आहे हे घरीच तपासता येते:

तळ सपाट असलेल्या पातेल्यात बरोबर २ लिटर पाणी घ्या. घरातल्या तापमानाचे, म्हणजे २७-२८ अंशांचे. मीटरचे लाल आकडे लिहून ठेवा. घरातले बाकी सगळे बर्नर आणि गिझर बंद ठेवा. झाकण ठेवून मोठ्या बर्नरवर मध्यम आचेवर पाणी तापवा. उकळी फुटायच्या बेताला आले की बंद करा आणि पुन्हा आकडे पाहा. ३० लिटरच्या आसपास गॅस गेला असेल तर शेगडी चांगली (सुमारे ५५ टक्के). ३३ म्हणजे ५० टक्के. ४० च्या वर गेला तर ४० टक्के किंवा त्याहून कमी, म्हणजे बर्नर साफ करायला हवा, जेट चुकीचा आहे किंवा शेगडीच बदलायला हवी. हीच चाचणी आच पूर्ण मोठी ठेवून करा. किती जास्त लिटर गेले ते पाहिले की ज्योत भांड्याबाहेर जाऊ न देण्याचा सल्ला पटतो.

६. पीएनजीचा दर कोण ठरवतं? सरकार की कंपनी?

विक्रीचा दर तुमच्या शहराची गॅस कंपनी ठरवते. पण तिला कच्चा माल कोणत्या भावाने मिळतो ते केंद्र सरकारच्या सूत्रावर अवलंबून असते.

ओएनजीसी आणि ऑइल इंडियाच्या जुन्या क्षेत्रांतल्या गॅसला ‘एपीएम’ गॅस म्हणतात. वाटपात घरगुती पीएनजीचा क्रमांक सर्वांत वर, सीएनजीचा त्यानंतर. २०१४ चे सूत्र अमेरिका, कॅनडा, ब्रिटन आणि रशियातल्या भावांवर बेतलेले होते. त्यामुळे युरोपात गॅस भडकला तेव्हा आपल्याकडेही एपीएमचा भाव एप्रिल २०२२ मध्ये प्रति एमएमबीटीयू (वायूतली उष्णता मोजण्याचे एकक) २.९० डॉलरवरून ६.१० वर आणि ऑक्टोबरमध्ये ८.५७ वर गेला. सरकारने नेमलेल्या किरीट पारीख समितीच्या शिफारशींनंतर ८ एप्रिल २०२३ पासून सूत्र बदलले: भारत आयात करतो त्या कच्च्या तेलाच्या सरासरी भावाच्या १० टक्के, दर महिन्याला जाहीर. खाली ४ डॉलरची मर्यादा, वर ६.५० ची. वरची मर्यादा दोन वर्षांनी, आणि नंतर दरवर्षी, पाव डॉलरने वाढायची. एप्रिल २०२५ मध्ये ती ६.७५ झाली.

एक एमएमबीटीयू म्हणजे साधारण २७ घनमीटर. ६.७५ डॉलर, डॉलर ८५ रुपयांना धरला, तर घनमीटरमागे सुमारे २१ रुपये पडतात. तोच गॅस आयात करून १२ डॉलरला घेतला तर ३७-३८. यावर वाहिनीचे भाडे, शहरातले जाळे, देखभाल, नफा आणि कर. घरापर्यंत ५० कसे होतात ते यावरून लक्षात येईल.

७. जगात गॅस स्वस्त झाला अशी बातमी येते. आमचा दर का उतरत नाही?

कारण नव्या सूत्रात तुमचा दर जागतिक गॅसला बांधलेलाच नाही, तेलाला बांधलेला आहे. २०२५-२६ ची मर्यादा धरून पाहा: कच्चे तेल ७५ डॉलर असताना सूत्राने ७.५० येतात, पण वरच्या मर्यादेने ते ६.७५ वर थांबतात. तेल ७० झाले तरी ७ येतात, म्हणजे भाव पुन्हा ६.७५ च. तेल साडेसदुसष्ट डॉलरच्या खाली गेल्याशिवाय तुमच्या गॅसच्या भावात काहीच हलत नाही. तेजीत ही मर्यादा तुम्हाला वाचवते आणि मंदीत तिच्यामुळेच दिलासा उशिरा मिळतो.

त्यात रुपया घसरला तर डॉलरमधला भाव स्थिर असूनही रुपयातला वाढतो. शिवाय जुन्या विहिरींचे उत्पादन दरवर्षी घटते आहे आणि ग्राहक वाढत आहेत. ऑक्टोबर आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये शहर गॅस कंपन्यांचे एपीएम वाटप कापले गेले. ती तूट मुख्यतः सीएनजीवर पडली, पण कंपनीची एकूण खरेदी महागली. नव्या विहिरींचा गॅस तेलाच्या १० नव्हे तर १२ टक्के भावाने मिळतो आणि त्याला वरची मर्यादा नाही.

८. यात कर किती असतो?

नैसर्गिक वायू अजून जीएसटीबाहेर आहे. त्यावर राज्याचा व्हॅट लागतो. महाराष्ट्राने १ एप्रिल २०२२ पासून तो १३.५ टक्क्यांवरून ३ टक्क्यांवर आणला. त्याच दिवशी एपीएमचा भाव दुपटीहून जास्त झाल्याने (प्रश्न ६) तो दिलासा लोकांच्या लक्षातही आला नाही. घरगुती एलपीजीवर ५ टक्के जीएसटी असतो, १९ किलोच्या व्यावसायिक सिलिंडरवर १८ टक्के.

वाहिनीचे भाडे हा कर नव्हे, पण तोही दरात असतो. गॅस स्रोतापासून जितका लांब, तितके ते जास्त. १ एप्रिल २०२३ पासून देशभर एकत्रित भाडेपद्धत आली आणि १ जानेवारी २०२६ पासून अंतरानुसार पाडलेले झोन तीनऐवजी दोन झाले. घरगुती पीएनजी आणि सीएनजीला अंतर कितीही असले तरी पहिल्या, स्वस्त झोनचे भाडे लागू झाले. किनाऱ्यापासून दूर असलेल्या शहरांना याचा खरा उपयोग.

९. मग सिलिंडरचा दर कशावर ठरतो?

सौदी अरेबियातून दर महिन्याला जाहीर होणाऱ्या प्रोपेन-ब्युटेनच्या करारभावावर. देशाच्या गरजेपैकी निम्म्याहून बराच जास्त एलपीजी आयात होतो. व्यावसायिक सिलिंडरचा दर या भावानुसार बहुधा महिन्याच्या पहिल्या तारखेला बदलतो. घरगुती सिलिंडरचा दर मात्र सरकारच्या संमतीनेच हलतो: ऑगस्ट २०२३ मध्ये २०० रुपये कमी, मार्च २०२४ मध्ये आणखी १०० कमी, एप्रिल २०२५ मध्ये ५० जास्त. म्हणून जागतिक भाव आणि घरगुती दर यांची चाल महिन्यामहिन्याला जुळत नाही. उज्ज्वला जोडणीवर वेगळे अनुदान आहे. तुमच्याकडे ती असेल तर प्रश्न ४ च्या हिशेबात सिलिंडरच्या दरातून ते वजा करा. बहुतेक वेळा मग सिलिंडरच स्वस्त ठरतो.

१०. या वेळी बिल एकदम दुप्पट आलं. काय तपासू?

या क्रमाने पाहा.

आधी बिलावर रीडिंगचा प्रकार पाहा. मागचे बिल सरासरीने लावलेले असेल (घर बंद होते, रीडिंग घेणारा परत गेला) तर या वेळच्या खऱ्या रीडिंगमध्ये मागची तूट भरून येते. मग दिवस मोजा: बिल बहुतेक ठिकाणी दोन महिन्यांचे असते, पण कधी ५५ दिवसांचे, कधी ७० चे. एकूण घनमीटरला दिवसांनी भागा. चार माणसांच्या घरात दिवसाला ०.४ ते ०.५ घनमीटर ही नेहमीची मर्यादा. गॅस गिझर असेल तर जास्त.

बिलावरचा मीटर क्रमांक तुमच्याच मीटरचा आहे का तेही पाहा. जिन्यात शेजारीशेजारी मीटर असलेल्या जुन्या इमारतींत अदलाबदल होते.

हे सगळे ठीक असेल तर गळती तपासा. शेगडी आणि गिझरच्या कळा बंद करा, पण मीटरपासून शेगडीपर्यंतचे वॉल्व्ह उघडे ठेवा. लाल आकड्यांचा फोटो काढा, अर्ध्या तासाने पुन्हा काढा. शेवटचा आकडाही हलला तर कुठेतरी गळती आहे. वॉल्व्ह बंद करून कंपनीला कळवा (प्रश्न १७).

११. घर तीन महिने बंद होतं, तरी बिल आलं. का?

रीडिंग न मिळाल्यास सरासरी बिल येते, आणि वापर शून्य असला तरी काही कंपन्या किमान आकार लावतात. गावी किंवा परदेशी जाण्याआधी मीटरचा वॉल्व्ह बंद करा, मीटर क्रमांक आणि रीडिंग दिसेल असा तारखेसह फोटो काढून ठेवा आणि परत आल्यावर तसाच दुसरा काढा. या दोन फोटोंवर सरासरी बिल दुरुस्त होते. अनुपस्थिती सहा महिन्यांहून मोठी असेल तर तात्पुरती जोडणी बंद करण्याचा अर्ज परवडतो.

१२. सगळ्या इमारतीत गॅस आहे, फक्त आमच्याच घरात नाही.

वॉल्व्ह उघडे असूनही गॅस नसेल तर मीटरजवळचा रेग्युलेटर बंद पडला असण्याची शक्यता सर्वांत मोठी. दाब फार वाढला किंवा फार कमी झाला की तो सुरक्षेसाठी आपोआप बंद होतो. तो पुन्हा चालू करण्याची रचना साधी दिसते, तरी स्वतः हात लावू नका. तो का बंद पडला हे न शोधता चालू केला तर खरा दोष तसाच राहतो.

पावसाळ्यात ज्योत उड्या मारते, फुरफुरते आणि विझते अशी तक्रार वाढते. जमिनीखालच्या कमी दाबाच्या पाइपात कुठेतरी पाणी शिरलेले असते. अशा वेळी एकापेक्षा जास्त घरांत तोच त्रास असतो, म्हणून शेजाऱ्यांना विचारून मगच तक्रार नोंदवा. सगळ्यांची एकत्र तक्रार गेली तर पथक थेट इमारतीच्या मुख्य पाइपापासून सुरुवात करते. ज्योत पिवळी आणि भांडी काळी होत असतील तर मात्र प्रश्न पुरवठ्याचा नाही. बर्नरची भोके किंवा हवेची झडप तेल-धुळीने बुजलेली असते.

१३. आखातात युद्ध झालं किंवा वाहिनी फुटली तर आमची शेगडी बंद पडेल का?

सर्वांत शेवटी पडेल. टंचाईत आधी उद्योगांचा, मग सीएनजीचा पुरवठा कापला जातो. घरांना अग्रक्रम असतो. १६ नोव्हेंबर २०२५ ला ट्रॉम्बे इथे एका खत कारखान्याच्या आवारात मुख्य वाहिनीला इजा झाली आणि वडाळ्याचा पुरवठा घटला. मुंबई-ठाण्यात रिक्षा-टॅक्सींच्या सीएनजी पंपांवर रांगा लागल्या. घरांतला गॅस चालू ठेवण्याला तेव्हाही प्राधान्य दिले गेले.

आखाताबाबत दोन्ही इंधनांत मोठा फरक आहे. कतारचा एलएनजी (प्रश्न २ मधला द्रवरूप केलेला गॅस) आणि आखाताचा एलपीजी दोन्ही होर्मुझच्या सामुद्रधुनीतून येतात. घरगुती पीएनजीला मात्र देशी गॅस आधी मिळतो, त्यामुळे सामुद्रधुनीतल्या अडचणीचा पहिला फटका सिलिंडरला बसतो.

खरा रोजचा धोका रस्त्यावरच्या खोदकामाचा. सोसायटीत किंवा गल्लीत जेसीबी लागणार असेल तर आधी गॅस कंपनीला कळवा. ती पाइपाचा मार्ग दाखवायला माणूस पाठवते.

१४. पाइप आला. जुन्या सिलिंडरचं काय करायचं?

पीएनजी सुरू झाल्यावर घरगुती एलपीजी जोडणी वितरकाकडे जमा करायची असते. सिलिंडर आणि रेग्युलेटर परत दिल्यावर अनामत परत मिळते आणि टर्मिनेशन व्हाउचर मिळते. ते जपून ठेवा. उद्या पाइप नसलेल्या गावी राहायला गेलात तर नवी जोडणी घेताना तेच कामी येते. मूळ सबस्क्रिप्शन व्हाउचर हरवले असेल तरी जमा करता येते, फक्त हमीपत्र द्यावे लागते.

ओळखीच्या कुणाला सिलिंडर ‘असाच’ देऊन टाकू नका. जोडणी तुमच्या नावावर राहते आणि अपघात झाला तर जबाबदारीही.

१५. इंडक्शन घेतलं तर स्वस्त पडेल का?

हिशेब असा: चांगल्या शेगडीवरचा एक घनमीटर पीएनजी जितके काम करतो, तितके काम इंडक्शन सुमारे ६ युनिटांत करते. पीएनजी ५० रुपये असेल तर तुमचे युनिट ८ रुपये ३० पैशांच्या खाली असायला हवे. सिलिंडरच्या जागी इंडक्शन घ्यायचे तर एक सिलिंडर म्हणजे साधारण १३५ ते १४० युनिटे.

फसगत होते ती युनिटचा दर पाहताना. बिलाची एकूण रक्कम भागिले युनिटे असा सरासरी दर इथे चालत नाही. इंडक्शनची युनिटे तुमच्या आताच्या वापराच्या वर जमा होतात, म्हणून ती सर्वांत वरच्या टप्प्यात पडतात. महावितरणचे टप्पे १००, ३०० आणि ५०० ला बदलतात. महिना ७० युनिटे जाळणाऱ्या घराने इंडक्शन आणले की ते शंभर ओलांडते, आणि पुढचे प्रत्येक युनिट बऱ्याच वाढीव दराने पडते. वहन आकार आणि वीज शुल्क धरून टप्प्याचा दर काढा, मगच तुलना करा. छतावर सौर पॅनेल असून युनिटे शिल्लक राहत असतील तर हा हिशेब पूर्ण इंडक्शनच्या बाजूने जातो.

१६. पाइप गॅसवर गिझर लावावा का?

खर्चाच्या दृष्टीने उत्तम. १८ लिटरची बादली २० अंशांनी तापवायला साधारण ०.०५ घनमीटर गॅस लागतो, म्हणजे अडीच-पावणेतीन रुपये. विजेवर तेच काम सुमारे अर्ध्या युनिटात होते, त्याला वरच्या टप्प्यात दुपटीच्या आसपास पडतात.

पण गिझर न्हाणीघराच्या आत लावू नका. बंद खोलीत ज्वलन अपुरे झाले की कार्बन मोनॉक्साइड तयार होतो. त्याला वास नाही, रंग नाही, आणि आंघोळ करणारा माणूस मदत मागण्याआधीच बेशुद्ध होतो. दरवर्षी थंडीत अशी माणसे जातात. गिझर बाहेर, ड्राय बाल्कनीत लावा आणि गरम पाण्याचा पाइप आत न्या. गिझर नैसर्गिक वायूसाठी बनलेला हवा. एलपीजीचा गिझर परस्पर जेट बदलून चालवू नये, कारण त्याच्या सुरक्षा झडपाही दाबानुसार बेतलेल्या असतात.

१७. वास आला तर नेमकं काय करायचं?

शेगडी आणि मीटरजवळचा वॉल्व्ह बंद. खिडक्या-दारे उघडा. कोणतेही बटण चालूही करू नका, बंदही करू नका. एक्झॉस्ट पंखा लावणे ही नेहमीची आणि घातक चूक. माणसे बाहेर काढा आणि बाहेर जाऊन फोन करा. पाइप गॅसचा आपत्कालीन क्रमांक मीटरवर आणि बिलावर असतो. तो आजच मोबाइलमध्ये साठवा. एलपीजीसाठी तिन्ही तेल कंपन्यांचा सामाईक क्रमांक १९०६.

१८. घरून डबे देते. घरगुती जोडणी चालेल का?

घरगुती दर घरच्या स्वयंपाकासाठी आहे. दिवसाला पाच-सात डबे घरच्या शेगडीवर होतात आणि वापर नेहमीच्या मर्यादेत राहतो, तोवर सहसा प्रश्न उद्भवत नाही. पण मोठी भट्टी लावली, पोळ्यांना बाया ठेवल्या, तर व्यावसायिक जोडणी घ्यावी लागते. दर जास्त असतो, पण मीटर आणि रेग्युलेटरही मोठा मिळतो. घरगुती मीटरवर मोठी भट्टी लावली तर दाब कमी पडतो आणि आच लागतच नाही. लाल सिलिंडर व्यवसायाला वापरणे तर सरळ गुन्हा आहे.

१९. स्वयंपाकघर नव्याने करतोय. पाइप भिंतीत घेऊ का, मीटर कपाटात लपवू का?

दोन्ही नको. बुजवलेल्या पाइपाची गळती सापडत नाही आणि बंद कपाटात गॅस साचतो. मीटर कपाटात घ्यायचाच असेल तर दाराला वर आणि खाली जाळी हवी आणि वॉल्व्हपर्यंत हात सहज पोचायला हवा. पाइप हलवणे कंपनीच्या ठेकेदाराकडूनच करा; सुताराने किंवा प्लंबरने सांधा सोडला तर पुढच्या तपासणीत पुरवठा बंद होऊ शकतो. शेगडीची नळी दीड मीटरपेक्षा लांब नको, आणि ती ओट्यातून, भिंतीतून किंवा ट्रॉलीच्या मागून आरपार नेऊ नका.

२०. भाड्याच्या घरात आलो, मागच्या भाडेकरूची थकबाकी आमच्या माथी. काय करावं?

जोडणी घराच्या नावावर चालते, त्यामुळे थकबाकी न भरल्यास पुरवठा तुमचाच बंद होतो. ताबा घेताना मीटरचा फोटो आणि शेवटचे भरलेले बिल करारासोबत जोडा. त्याआधीचे देणे मालकाचे, असे करारात लिहून घ्या. आधीच अडकला असाल तर मालकाला भरायला लावा, किंवा भरून भाड्यातून वळते करण्याची लेखी संमती घ्या.

कंपनीशी वाद असेल तर आधी तिच्याकडे तक्रार नोंदवून क्रमांक घ्या, मग तिच्याच नोडल अधिकाऱ्याकडे जा. तिथेही काही झाले नाही तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ किंवा जिल्हा ग्राहक आयोग. मीटर चुकतो असा संशय असेल तर चाचणीची लेखी मागणी करा.

२१. सोसायटी पुनर्विकासाला जाते आहे. अनामतीचं आणि मीटरचं काय होतं?

इमारत पाडण्याआधी पुरवठा तोडण्याचा अर्ज सोसायटीने एकत्र द्यावा, म्हणजे कंपनी उभे पाइप आणि मीटर एकाच वेळी काढते. प्रत्येक सभासदाने अंतिम रीडिंगची पावती घ्यावी. अनामत परत घ्यायची की नव्या इमारतीतल्या जोडणीसाठी वर्ग करायची, हे तेव्हाच लेखी सांगा. मूळ ग्राहक हयात नसेल तर आधी नाव बदलून घ्या: मृत्यूचा दाखला, शेअर सर्टिफिकेट, सोसायटीचे पत्र आणि इतर वारसांचे ना-हरकत. पाडकामानंतर पत्ताच उरत नाही आणि हेच काम मग कित्येक महिने रेंगाळते.